म्हातारीचे उद्योग

महापालिकेच्या एका प्राणिसंग्रहालयात मी बावीस वर्षं नोकरी केली. पद जीवशास्त्रज्ञाचं. मटणाची बिलं तपासून, शाळांच्या सहली फिरवून आणि माहितीच्या अधिकारातल्या अर्जांना उत्तरं देऊन वेळ उरला, तर जीवशास्त्र. रुजू झाले त्याच आठवड्यात तिथले सगळ्यात जुने प्राणीरक्षक मला अस्वलाच्या खंदकापाशी घेऊन गेले. त्यांना सगळे मामा म्हणत, मीही म्हणू लागले. आत एक अस्वलीण होती, दरवेशाकडून सोडवून आणलेली. नाकाडावर दोरी ओवल्याचं भोक, सुळे मोडलेले. वय फार नव्हतं, पण चाल थकलेली, म्हणून नाव पडलं होतं म्हातारी.

सात पावलं डावीकडे. भिंतीला नाक. मान वरून गोल फिरवायची. सात पावलं उजवीकडे. पुन्हा भिंत, पुन्हा मान. कठड्याशी उभी असलेली पोरं टाळ्या पिटत होती, “अस्वल नाचतंय, अस्वल नाचतंय!” मामा हळू आवाजात म्हणाले, “ताई, हा नाच नाही. रिकामा न्हावी कुडाला तुंबड्या लावी, त्यातली गत आहे.”

पुस्तकात याला स्टिरिओटिपी म्हणतात, हे मला माहीत होतं. तीच हालचाल, त्याच क्रमाने, पुन:पुन्हा, काहीही साध्य न होता. मामांच्या म्हणीत तेच होतं आणि वर कारणही होतं. त्या न्हाव्याला खरं काम कसं द्यायचं या खटपटीत माझी नोकरी सरली. हाती लागलं ते लिहिते आहे. आकडे टाकलेत ते सोयीसाठी. आठवलं तसं लिहिलं आहे.

१. खेळणी नव्हेत, उद्योग

इंग्रजी शब्द एनरिचमेंट. सरकारी कागदांत त्याचं ‘समृद्धीकरण’ होतं, आणि ते ऐकलं की डोळ्यांपुढे शेततळं येतं. आमच्याकडे सगळे ‘उद्योग’ म्हणायचे. “आज बिबट्याला काय उद्योग?” असं सकाळी विचारलं जायचं. मला अजूनही हाच शब्द बरोबर वाटतो, कारण ‘खेळणं’ म्हटलं की आपण रंगीत चेंडू विकत आणतो, आत फेकतो, फोटो काढतो आणि मोकळे होतो. तिसऱ्या दिवशी चेंडू कोपऱ्यात पडलेला असतो आणि जनावर पुन्हा भिंतीपाशी.

कल्पना नवी नाही. रॉबर्ट यर्क्स या अमेरिकन शास्त्रज्ञाने १९२५ मध्येच लिहून ठेवलं होतं की बंदिवासातल्या वानरांना खेळायला आणि काम करायला साधनं द्यायला हवीत. स्वित्झर्लंडचे हाइनी हेडिगर यांनी बर्न, बाझल आणि झुरिक ही तिन्ही प्राणिसंग्रहालयं सांभाळली. जागा किती यापेक्षा त्या जागेत जनावर काय करतं, हे बघा, असा त्यांचा आग्रह असे. पुढे १९७० च्या दशकात अमेरिकेतल्या पोर्टलंडमध्ये हॅल मार्कोविट्झ यांनी गिबन वानरांना कळ दाबून खाणं मिळवायला लावलं. मार्कोविट्झना यंत्रांची हौस होती. आमच्याकडे यंत्र आणलं असतं तर पहिल्या पावसात बंद पडलं असतं, म्हणून आमची गाडी लाकडावर आणि गोणपाटावर चालली.

२. आधी बघा, मग द्या

नवीन माणसाला घाई असते. मलाही होती. पहिल्याच महिन्यात म्हातारीच्या खंदकात टायर टांगायचा बेत मी आखला. मामांनी विचारलं, “तिला टायर हवाय, हे तुम्हाला कुणी सांगितलं?” उत्तर नव्हतं. मग वही घेऊन बसले. दर पाच मिनिटांनी मान वर करून बघायचं आणि त्या क्षणी ती काय करते एवढंच लिहायचं. झोपली, चालते, फेऱ्या, उकरते, पाणी पिते, दिसत नाही. असे सहा रकाने. तीन आठवडे, रोज सकाळी दोन तास आणि दुपारी दोन तास.

हे काम कंटाळवाणं आहे आणि त्यात काही गमतीशीर घडत नाही. पण वही उलगडून बघितली तेव्हा एक गोष्ट लख्ख दिसली. म्हातारी दिवसभर फेऱ्या घालत नव्हती. सकाळी ती बऱ्यापैकी शांत असायची. दुपारी साडेतीनच्या सुमारास सुरुवात व्हायची आणि साडेचारला शिगेला पोचायची. साडेचारला खाण्याची हातगाडी यायची. त्या गाडीचं एक चाक खडखडायचं. गाडी कोठीतून निघाली की खडखड ऐकून माकडं, बिबटे, कोल्हे, सगळ्यांच्या फेऱ्या एकदम सुरू. आम्ही रोज एका वेळी, एका आवाजात, एका दारातून जेवण देत होतो आणि वर म्हणत होतो, जनावरं वेडी झालीत.

टायर टांगला असता तर तो तिथे नुसता लोंबत राहिला असता.

३. घड्याळ मोडायला माणसं लागतात

उपाय कागदावर सोपा होता. खाण्याचे चार भाग करायचे आणि वेळ रोज बदलायची. प्रत्यक्षात प्राणीरक्षकांची पाळी पाचला संपते, कोठी साडेचारला बंद होते आणि चावी ज्याच्याकडे असते तो बससाठी निघालेला असतो. त्यांचं काही चुकत नव्हतं; पाळी घड्याळावर चालते आणि पगार पाळीवर. दोन महिने बोलाचालीत गेले. शेवटी तोडगा मामांनीच काढला. सकाळी साफसफाईसाठी जनावर रात्रीच्या पिंजऱ्यात बंद असतंच. तेव्हाच आवारात दहा ठिकाणी खाणं लपवून ठेवायचं. नवीन फेरी नको, जादा पाळी नको. मुख्य जेवण संध्याकाळीच, पण आधी दिवसभर शोधायला काहीतरी.

आणि चाकाला ग्रीस लावलं. बावीस वर्षांत सगळ्यात स्वस्तात केलेली सुधारणा कोणती, असं विचारलं तर मी हेच सांगेन.

४. ताटात वाढू नका

यावर जरा रेंगाळते, कारण इथेच मला या कामाची गोडी लागली.

१९६३ मध्ये ग्लेन जेन्सन नावाच्या संशोधकाने उंदरांपुढे दोन पर्याय ठेवले. वाटीत फुकटचे दाणे, किंवा दांडी दाबली की पडणारे तेच दाणे. वाटी भरलेली असताना उंदीर दांडी दाबायला जात. पुढे कबुतरं, कोंबड्या, माकडं, अस्वलं अशा कितीतरी प्राण्यांत हा कल दिसला. पाळीव मांजर मात्र अपवाद निघालं, तिला वाटीतलंच बरं वाटतं. आमच्या घरच्या बोक्याकडे बघून मला याचं मुळीच नवल वाटलं नाही.

आपल्या अस्वलाचं सगळं आयुष्य शोधण्यात आणि उकरण्यात जातं. वारूळ फोडायचं, लांब नख्यांनी माती ओढायची, ओठ नळीसारखे पुढे काढायचे आणि वाळवी ओढून घ्यायची. वरच्या जबड्यात मधले दोन दात नसतात, ती फट याच कामासाठी. जांभूळ, बोर, उंबर, बहाव्याच्या शेंगा, मोहाची फुलं आणि मध. एवढा मोठा कारभार असलेल्या जनावराला आम्ही रोज ॲल्युमिनियमच्या घमेल्यात नाचणीची लापशी देत होतो. घमेलं चाटून पुसून व्हायला सहा मिनिटं लागत. उरलेला दिवस कुडाला तुंबड्या.

वादळात पडलेल्या आंब्याचा ओंडका उद्यान विभागाने आमच्या आवारात टाकला होता. सुताराने त्याला आडवीतिडवी भोकं पाडली, काही अंगठ्याएवढी, काही कोपरापर्यंत हात जाईल एवढी खोल. आत लापशी थापली, वर थोडा मध सोडला, दोन भोकांत खजूर कोंबले आणि ती मातीने बुजवली. ओंडका आत ठेवला आणि आम्ही कठड्यामागे उभे राहिलो.

म्हातारी बाहेर आली आणि सरळ भिंतीकडे गेली. सात पावलं. परतताना मध्येच थांबली. नाक वर केलं. मग अंग आखडून ओंडक्याभोवती एक लांब वळसा घातला, दुसरा जवळून घातला. एका भोकाशी नाक लावलं, फुंकर मारली, माती उडाली. आणि मग तो आवाज आला. जुना व्हॅक्यूम क्लीनर सतरंजीवर अडकला की जसा घुमतो, तसा. अस्वल वाळवी ओढतं तेव्हा जंगलात हा आवाज दूरवर ऐकू येतो, असं मी वाचलं होतं. पण सिमेंटच्या खंदकात तो इतका घुमेल असं वाटलं नव्हतं. दात मोडलेले असले तरी फुप्फुसं शाबूत होती. ती पाठीवर लोळली, ओंडका चारही पायांत धरला, उलटा केला, पाडला, पुन्हा धरला. हातगाडी येऊन गेली तरी तिचं लक्ष नव्हतं. मामा कठड्यावर हनुवटी टेकून बघत होते. “हिला हे येत होतं तर,” एवढंच म्हणाले.

दरवेशाकडे गेलेली पिल्लं फार लहान वयात आईपासून तोडलेली असतात. तिला ओंडका फोडायला शिकवलं कुणी असणार? कुणीच नाही.

५. एक पेटी आणि सात माकडं

ओंडक्याच्या यशाने मी हवेत होते. लाल तोंडाच्या माकडांसाठी एक झकास पेटी बनवून घेतली. सरकवायची झाकणं, आत शेंगदाणे, कुलपं वेगवेगळी. माझा फार जीव होता त्या पेटीवर. आत ठेवली आणि टोळीतला दांडगा नर तिच्यावर जाऊन बसला. त्याला झाकण उघडता येईना आणि तो कुणाला जवळ येऊ देईना. एका तरण्या मादीने मागून हात घातला. पुढच्या अर्ध्या मिनिटात तिचा कान फाटला होता.

पशुवैद्यांनी टाके घातले. मला त्यांनी एका शब्दाने काही म्हटलं नाही, ते जास्त लागलं. चूक पूर्णपणे माझी होती. बुद्धीला चालना कशी द्यायची याचा विचार मी केला होता. त्या बुद्ध्या एकमेकींशी कशा नांदतात याचा केला नव्हता. तेव्हापासूनचा आमचा नियम असा: तोंडं मोजायची आणि वाटे त्याहून दोन जास्त ठेवायचे, ते एकमेकांपासून लांब, आणि शक्यतो एका जागेवरून दुसरी दिसणार नाही असे. ती पेटी पुढे कार्यालयात फायली ठेवायला कामी आली.

६. ज्याचं टेंडर निघेल ते काहीतरी फसलेलंच असेल

सरकारी खरेदीत ‘पोकळ लाकूड, भोकांसह’ असा नग बसत नाही. तीन दरपत्रकं मागवली तर तिन्ही प्लास्टिकच्या घसरगुंड्यांची येतात. म्हणून आम्ही मागून आणायला शिकलो. अग्निशमन दलाचे बाद झालेले पाण्याचे होज ही तर खाणच. जाड विणीचे, चामट, तुटायला अवघड. जगभरची प्राणिसंग्रहालयं ते वापरतात. पट्ट्या काढून बाजेसारखे विणले की अस्वलाला आणि बिबट्याला झोपायला झोळ्या होतात. उसाच्या रसवाल्याकडची चोथ्याची पोती, फळबाजारातले पुठ्ठ्याचे खोके, सुतारांकडचा भुसा, नारळाच्या करवंट्या, बांबू. बांबूच्या दोन पेरांमध्ये भोक पाडलं की पोपटापासून माकडापर्यंत कुणाचीही शिदोरी त्यात मावते.

फुकटात मिळालं म्हणून आत टाकू नका. पुठ्ठ्यावरच्या पिना आणि चिकटपट्टी काढायला एक माणूस बसवा. टायरच्या आत तारा असतात, हे तो फाटल्यावर दिसतं. गोणपाटाचा दोरा लांब सुटला तर कुठलंही पिल्लू गळ्याभोवती गुंडाळून घेतं. आमच्याकडे एका कोल्ह्याने सुतळी गिळली. दोन रात्री त्याच्या विष्ठेवर नजर ठेवून आम्ही बसलो. सुतळी बाहेर आली तेव्हा पशुवैद्यांनी चहा पाजला.

७. नाकाला विसरू नका

आपण डोळ्यांचे प्राणी, म्हणून आपण दिसतं ते बदलतो. बिबट्याच्या आवारात काहीही न हलवता त्याचं जग बदलता येतं. चितळाच्या पिंजऱ्यातला पेंढा उचलून त्याच्या दगडावर टाकला की तो पुढचे तीन तास जाग्यावर नसतो. जिरं, दालचिनी, लवंग, ओवा, एका दिवशी एकच. ओव्यावर आमच्या बिबट्याने शिंकून पाठ फिरवली. दालचिनीवर गाल घासला.

अत्तराचा किस्सा सांगायलाच हवा. न्यूयॉर्कच्या ब्राँक्स प्राणिसंग्रहालयात चित्त्यांपुढे वेगवेगळी अत्तरं ठेवून बघितली होती. त्यात कॅल्विन क्लाइनचं ऑब्सेशन फॉर मेन अव्वल ठरलं. त्यात जवादी मांजराच्या कस्तुरीसारखा वास असतो, तो या मार्जारांना ओढतो. पुढे मध्य अमेरिकेच्या जंगलांत जग्वारचे फोटो घ्यायला कॅमेऱ्यापुढे ते शिंपडलं जाऊ लागलं. आणि २०१८ मध्ये आपल्या यवतमाळ जिल्ह्यात, पांढरकवड्याच्या टी १ वाघिणीच्या शोधात वनखात्याने हेच अत्तर वापरलं. ते प्रकरण शेवटी वाघिणीला गोळी घालून संपलं. त्या बातमीनंतर आमचे एक साहेब म्हणाले, आपणही आणू या एक बाटली. किंमत ऐकल्यावर विषय दालचिनीवर परत आला.

८. लपण्याची जागा हाही उद्योगच

जुन्नर, संगमनेर, नाशिककडच्या बिबट्यांच्या दोन-दोन पिढ्या उसात वाढल्या आहेत. त्यातले काही पकडले जातात आणि मग कायमचे आत राहतात. माणिकडोहचं निवारा केंद्र त्यासाठीच आहे. आमच्याकडे असाच एक आला. तो आठ दिवस खात नव्हता. मी ओंडका, वास, हाडं, सगळं करून पाहिलं. मामांनी पिंजऱ्याच्या एका बाजूला बांबूची तट्टी बांधली आणि मागे एक लाकडी खोका आडवा ठेवला. बिबट्या खोक्यात गेला. दुसऱ्या दिवशी सकाळी मांस संपलेलं होतं.

उसात वाढलेल्या जनावराचं सगळं कौशल्य न दिसण्यात असतं. आपण त्याला तिकीट लावून उजेडात ठेवतो. तट्टी बांधल्यापासून तक्रारवहीत एकच तक्रार: पैसे घेता आणि बिबट्या दिसत नाही. वरून विचारणा आली तेव्हा आम्ही तट्टीला मनगटाएवढी दोन भोकं पाडली, पोरांच्या डोळ्यांच्या उंचीवर. गंमत अशी की शोधावं लागलं की लोक जास्त वेळ थांबतात. ‘दिसला, दिसला, शेपूट दिसलं!’ असं ओरडणारा मुलगा मी रोज पाहायचे. म्हणजे ताटात न वाढण्याचा नियम कठड्याच्या अलीकडेही लागू होता.

९. मगर काय, पडूनच असते

असं मीही म्हणत असे. वॉशिंग्टनच्या राष्ट्रीय प्राणिसंग्रहालयात एक म्हातारं आफ्रिकन मऊ पाठीचं कासव होतं. ते स्वत:च्याच मानेला ओरबाडून जखमी करून घ्यायचं. त्याच्या टाकीत चेंडू, काठ्या, नळ्या टाकल्या तर ते त्या ढकलत, ओढत बसलं आणि ओरबाडणं कमी झालं. गॉर्डन बर्गहार्ट यांनी त्याचा अभ्यास १९९६ मध्ये प्रसिद्ध केला. चेन्नईजवळच्या मद्रास क्रोकोडाइल बँकेत तर आपल्याच मगरी, बगळ्यांच्या विणीच्या हंगामात, नाकाडावर काटक्या ठेवून पाण्यात निश्चल बसताना नोंदल्या गेल्या. बगळा घरट्यासाठी काटकी उचलायला आला की मगरीचं काम झालं.

हे वाचल्यावर मी आमच्या मगरींना धबधबा मिळावा म्हणून टाकीच्या नळाला एक पाइप जोडला. त्या धारेखाली तोंड धरून बसू लागल्या. एवढंच. त्यापलीकडे मगरींबद्दल मला फार कळतं, असा माझा दावा नाही.

१०. ‘नको’ म्हणण्याची सोय

पूर्वी रक्त तपासायचं तर दाबाच्या पिंजऱ्यात जनावर आवळायचं किंवा भुलीचा बाण मारायचा. दोन्हींत जनावर आठवडाभर आपल्यावर दात खाऊन असतं. नंतर आम्ही बक्षिसाची पद्धत शिकलो. काठीच्या टोकाला लाल चेंडू, त्याला नाक लावलं की शिट्टी आणि मटणाचा तुकडा. हळूहळू जाळीला अंग टेकवायचं, मग शेपूट फटीतून बाहेर द्यायची, मग शेपटीला हात लावू द्यायचा, मग बोथट काडी टोचू द्यायची. वाघिणीला इथपर्यंत आणायला आम्हाला सात महिने लागले.

यात एक अट आहे. जनावराला कंटाळा आला, भीती वाटली, किंवा नुसतीच लहर आली तर त्याने निघून जायचं आणि कुणी काही बोलायचं नाही. जेवणही कापायचं नाही. एकदा रक्त काढायला पशुवैद्य, कंपाउंडर, पाहुणे डॉक्टर असे सगळे जमले होते. वाघीण आली, जाळीला नाक लावलं, सगळ्यांकडे बघितलं आणि आत जाऊन झोपली. पाहुणे म्हणाले, आता? मामा म्हणाले, “आता काय, उद्या. बाईसाहेबांची आज इच्छा नाही.” दुसऱ्या दिवशी तिने चार मिनिटांत शेपूट दिली.

माझ्या मते सगळ्या खटाटोपाचा गाभा हा आहे. ओंडका, वास, तट्टी ही सगळी निमित्तं. पिंजऱ्यातल्या जिवाच्या हातून आपण सगळ्यात आधी काढून घेतो ते ठरवणं. कधी खायचं, कुठे बसायचं, कुणाला तोंड दाखवायचं. ते थोडंथोडं परत करता येतं.

११. बुधवार

नियमाप्रमाणे प्राणिसंग्रहालय आठवड्यातून एक दिवस बंद ठेवावं लागतं. आमचा बुधवार. बुधवारी आवाज बदलतो. मोर आधी ओरडतात, मग कोल्हे बाहेर येतात, दुपारी बिबट्या चक्क उघड्या दगडावर पडलेला. बाकीचे सहा दिवस आपण किती जड होतो, हे बुधवारी कळतं. कायद्यात प्राण्यांना चिडवणं, खायला घालणं, गोंगाट करणं यासाठी शिक्षा आहे, वन्यजीव संरक्षण कायद्याचं कलम ३८ जे. मी पाटीवर ते लिहवून घेतलं होतं. पाटीवर वेफरचं रिकामं पाकीट अडकवलेलं असायचं.

२०२० च्या टाळेबंदीत सलग कित्येक महिने बुधवारच होता. मला वाटलं होतं, सगळे सुखावतील. बरेचसे सुखावले. पण तो दांडगा नर माकड पहिले काही दिवस रोज सकाळी दहाला कठड्याकडच्या फांदीवर येऊन बसायचा आणि रिकाम्या रस्त्याकडे बघायचा. त्याच्यासाठी आपण सगळे एनरिचमेंट होतो की काय, कोण जाणे. आम्ही दोन शिकाऊ मुलांना दहा वाजता तिथून चकरा मारायला सांगितलं.

पुठ्ठ्याच्या खोक्यांवरूनही लोक चिडत. पिंजऱ्यात कचरा केलाय, म्हणत. काही ठिकाणी या भीतीने फक्त नैसर्गिक दिसणाऱ्याच वस्तू ठेवतात. मला ते पटलं नाही. फाडायला मिळालेला खोका बिबट्याला कचरा वाटत नाही, आणि आवार कुणाचं आहे हे एकदा ठरवायला हवं.

१२. सगळ्याला ओंडका पुरत नाही

हे आधीच सांगायला हवं होतं. २००३ मध्ये क्लब आणि मेसन या दोन संशोधिकांनी दाखवलं की ज्या मांसाहारी प्राण्यांचा जंगलातला वावर फार मोठा, त्यांच्या बंदिवासात फेऱ्या जास्त आणि पिल्लंही जास्त दगावतात. ध्रुवीय अस्वल त्यात वरच्या नंबरावर. न्यूयॉर्कच्या सेंट्रल पार्कमधलं गस नावाचं ध्रुवीय अस्वल १९९४ च्या सुमारास पाण्यात तासन्‌तास इंग्रजी आठाच्या आकड्यात पोहायचं म्हणून जगभर गाजलं. त्याला बर्फात गोठवलेले मासे दिले, कोडी दिली, शिकवलं. पोहणं कमी झालं, थांबलं नाही. काही प्राण्यांना आपण नीट ठेवूच शकत नाही आणि त्यावरचा उपाय आणखी चांगली खेळणी हा नसतो. २००९ मध्ये केंद्रीय प्राणिसंग्रहालय प्राधिकरणाने प्राणिसंग्रहालयांतले हत्ती बाहेर हलवायला सांगितलं, ते मला योग्यच वाटलं. साखळीतल्या हत्तीपुढे ऊस लपवून ठेवणारी मी, त्या दिवसांत स्वत:वर फार खूश नव्हते.

आणि जुन्या फेऱ्या जुन्या जखमेसारख्या असतात. आज सगळं बरं असलं तरी व्रण राहतो. म्हातारीच्या फेऱ्या कमी झाल्या. गेल्या नाहीत. पाहुणे आले, पाइप फुटला, फटाके वाजले की सात पावलं परत यायची.

तिच्या शेवटच्या काही वर्षांत आम्ही खंदकाचं अर्धं सिमेंट फोडून माती भरली. गिनी गवत लावलं, दोन उंबर, एक बहावा. पहिल्या पावसात गवत तिच्या पाठीच्या वर गेलं. तेव्हा नवीन लागलेली मुलगी पाच-पाच मिनिटांच्या नोंदी घ्यायला बसायची. एके दिवशी वही घेऊन रडवेली होऊन आली. म्हणाली, मॅडम, आजचा डेटा वाया गेला. मी वही उघडली.

९.००, उकरते. ९.०५, उकरते. ९.१०, चालते. ९.१५, दिसत नाही. ९.२०, दिसत नाही. ९.२५, दिसत नाही. पान उलटलं. त्याच रकान्यात खालपर्यंत खुणा.

मामा निवृत्त झाले होते, पण बुधवारी चक्कर मारायचे. त्यांना वही दाखवली. त्यांनी चष्मा लावला, बोटाने तो रकाना खालपर्यंत चाचपला आणि विचारलं, “गवतात जांभळं टाकली होती का कुणी?”

“नाही मामा.”

“मग ठीक आहे,” ते म्हणाले आणि चहा सांगायला गेले.